टाचेचे दोन ठोके

तर बकुळा जेवायला बसली होती, खालीच, भिंतीला टेकून, पाय पसरून, मांडीवर ताट, ताटात सकाळचीच पोळी आणि वरून शेव भुरभुरलेली बटाट्याची भाजी, आणि पहिला घास तोंडाशी नेतेय तेवढ्यात फरशीतून तिच्या टाचांत दोन ठोके आले. ठक ठक असं मी आपलं म्हणतोय, तुम्हाला कळावं म्हणून. तिच्याकडे ठकही नाही आणि ठकठकही नाही. सहा वर्षांची असताना ताप डोक्यात गेला आणि कान गेले ते गेलेच. पण ठोका तिला कळतो, तुमच्याआमच्यापेक्षा जास्त कळतो, कुठून निघाला, हाताचा की पायाचा, रागाचा की घाईचा, सगळं. आणि हे कसे होते, तर एक, मग एवढीशी जागा सोडून दुसरा, दुसरा जरा हलका. बस्स. घास हातात तसाच राहिला. कारण अशी हाक तिला पहिल्यांदा ज्या माणसानं मारली, तो तिचा बाप गेल्या उन्हाळ्यात धारला वारला होता, आणि ही बसली होती देवासला, टेकडीच्या पायथ्याशी, अल्पनाकाकूंच्या घरातल्या वरच्या भाड्याच्या खोलीत, भर दुपारी, दाराला आतून कडी लावून.

तिनं काय केलं, ताट बाजूला ठेवलं आणि दोन्ही तळहात फरशीवर टेकले. परत आले. एक, आणि मग हलका दुसरा. हाताच्या हाडातून वर, कोपरापर्यंत. आता तुम्ही म्हणाल घाबरली असेल, तर तसं नाही, घाबरायचं पुढं होतं. आधी ती खूश झाली. एवढा एक क्षण, लाज वाटावी इतकी खूश, की आलेच, थांबा, हात धुऊन आलेच. मग अंगावर काटा आला आणि ती अनवाणीच जिना उतरून खाली गेली. खालच्या दुकानात नवीन टाइल्स बसत होत्या. एक कारागीर उकिडवा बसून टाइल ठेवायचा, रबरी हातोडीनं एका कोपऱ्यावर मारायचा, मग समोरच्या कोपऱ्यावर जरा बेतानं, आणि पुढं सरकायचा. हे एवढंच होतं. अल्पनाकाकू दारातच उभ्या होत्या, त्यांनी बकुळाचा चेहरा पाहिला आणि सगळे लोक करतात तेच केलं, तोंड एवढं मोठं फाकलं की ओठांवरचा शब्द फाटूनच गेला. काहीतरी टाइल, काहीतरी आवाज. आणि मग स्वतःच्याच बोलण्यानं ओशाळून त्यांनी हात हलवला, जाऊ दे, तुला काय त्याचं. कारागीर मात्र दचकून वर बघत होता, म्हणजे काकू चांगल्याच ओरडल्या असणार. बकुळा हसली. असं हसायची तिला सवय आहे. न कळलेल्या गोष्टीवर, कळल्यासारखं, योग्य वेळेला.

वर आली, जेवली, ताट घासलं. ठोके चालूच होते आणि ते कारागिराचे आहेत हेही आता माहीत होतं, म्हणजे भुताचा मामला तिथंच मिटायला हवा होता ना. पण नाही मिटला. कारण ओल्या हातानं ताट पालथं घालताना तिच्या मनात आलं, की दादा, म्हणजे वडील, ते तर गेले, ठीक. पण ही हाक काय एकट्या दादांची होती? धारच्या त्या घरात वरचा मजला सगळा सागवानी फळ्यांचा. या टोकाला साफ्यांची, म्हणजे फेट्यांची खोली, त्या टोकाला स्वयंपाकघर, मध्ये लांब फळ्या, आणि कुणीही कुठूनही टाच आपटली की ती बकुळाच्या पायात. दादांची उजवी टाच जड आणि ठाम. माई, म्हणजे आई, बिचकत मारायची, जणू फळीला लागेल. कुसुमावतीकाकी खाली राहायच्या, त्या वर आल्या की अशी मारायच्या की कोनाड्यातला देव हलायचा, आणि त्यांचा अर्पित लहानपणी उगीचच मारायचा आणि पळायचा, की ताई वळते की नाही बघ. दोन ठोके म्हणजे त्या घरात बकुळा हे नावच होतं. तोंडानं बकुळा म्हणून उपयोग काय? आणि दादा गेल्या दिवसापासून, दिवसकार्यात, नंतर दिवाळीला, संक्रांतीला, जेव्हा जेव्हा ती धारला गेली, कुणी एकानंही, एकदाही, टाच आपटलेली नव्हती. माई येऊन खांद्याला हात लावायची. काकी दिवा चालू-बंद करायच्या. अर्पित समोर येऊन हात हलवायचा, पाहुण्यासारखा. वर्षभर घरात तिला नावानं कुणी हाक मारली नव्हती, आणि हे तिच्या आज लक्षात आलं, एका परक्या माणसाच्या रबरी हातोडीनं. का बंद केलं त्यांनी? ठरवून केलं का? तिथं ती घाबरली.

आता या हाकेची सुरुवात ऐका. दादा, यशवंतराव, साफे बांधणारे. त्यांच्या पणज्यानं राजवाड्यावरच्या माणसांच्या पगड्या बांधल्या, यांनी लग्नातल्या नवरदेवांचे आणि वऱ्हाडाचे साफे बांधले, धंदा तोच, डोकी बदलली. बकुळा दवाखान्यातून परत आली तेव्हा घरातल्या सगळ्यांनी तिच्या पाठीमागं थाळ्या वाजवून पाहिल्या. वळायची नाही. मग नवस, मग इंदूरचे डॉक्टर, मग परत थाळ्या. आणि एका दुपारी दादा आपल्याच गुडघ्यावर साफा बांधत बसले होते, दोन्ही हातांत पेच धरलेले, कापडाचं टोक दातात, आणि टाचण्यांची डबी लांब, बकुळा डबीजवळ पाठमोरी खेळतेय. हात सोडावा तर पेच सुटतात, तोंड उघडावं तर टोक सुटतं, आणि उघडूनही काय. वैतागून त्यांनी टाच आपटली. दोनदा. आणि पोर वळली. दादांच्या दातातलं टोक सुटलं, सगळा साफा घरंगळत पोरीच्या पायापर्यंत आला, आणि दादांचे खांदे हलत होते. ते हसत होते की रडत होते हे तिला तेव्हाही कळलं नाही आणि नंतर तिनं कधी विचारलंही नाही. पण डबी नेऊन दिली.

आणि अजून एक गोष्ट, ही ती कुणाला सांगत नाही. तिनं कानांनी ऐकलेली भाषा एकच, घरातली मराठी. हिंदी तिला आली ती इंदूरच्या मुक्या-बहिऱ्यांच्या शाळेत, फळ्यावरून, पुस्तकातून, बोटांच्या खुणांतून, डोळ्यांनी. हिंदीत ती आज मोबाइलवर फटाफट लिहिते, मराठी तिला धड वाचता येत नाही. पण हिंदीला तिच्या डोक्यात आवाज नाही, हिंदी अगदी शांत भाषा आहे, टीव्हीखालच्या पट्टीसारखी. आवाज आहे तो फक्त मराठीला आणि तो दादांचा, तरुण दादांचा. ये गं इकडं. झोप आता. माणूस म्हातारा झाला, दात पडले, केस गेले, पण बकुळाच्या डोक्यात तो आवाज तसाच काळ्याभोर केसांचा राहिला. आणि दादा वारल्यावर तो आवाज थांबायला हवा होता, तर उलट वाढला. फोटो स्टुडिओत काम करताना, बसमध्ये, कान गेल्यापासून आतल्या आत सतत वाजणारी ती शिट्टी जरा खाली बसली की मागून, ये गं इकडं. ती वळायची. वळून बघायची. लोकांना वाटायचं, हिला ऐकू येतं की काय.

स्टुडिओत तिचं काम काय, तर लोकांच्या चेहऱ्यावरचं पुसणं. पासपोर्टच्या फोटोतला मस, लग्नाच्या फोटोतला घाम, आणि गेलेल्या माणसांचे फोटो, ते तर रोज एक. घरचे गर्दीतला कुठलातरी फोटो आणतात, त्यातलं एक डोकं उचलायचं, मागं निळं आभाळ टाकायचं, मिटलेला डोळा उघडून द्यायचा. मालक राजवीरभिया, इकडं भैयाला भियाच म्हणतात, माणूस चांगला, पण बोलतो तो कॉम्प्युटरकडं बघून, आणि मग तिनं नाही ऐकलं की कपाळाला हात लावतो आणि कपाळाला हात लावलेला मात्र तिला नीट दिसतो. दादांचा फोटोही तिनंच केला. दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नाही. सगळं पुसलं, गालावरचा डाग, डोळ्याखालची काळी सावली. पण तिला जे पुसायचं होतं ते त्या फोटोत नव्हतंच. ते पायाला होतं.

म्हणजे असं. दादांना नेण्याआधी सगळ्यांनी पायावर डोकं ठेवलं, तिनंही ठेवलं, आणि उठताना तिला दिसलं, डावी टाच सोललेली. नुसती खरचटलेली नाही, निळी पडून सोललेली. चेहरा तिच्या समोर आणून माईनं वर्षभर तिला हेच सांगितलं होतं, की एकदम गेले, झोपेत गेल्यासारखे, काही त्रास नाही, कळलंसुद्धा नाही त्यांना. आणि ही मान हलवत होती. डॉक्टर म्हणाला होता लकवा, उजवी बाजू गेली आणि वाचाही. मग डावी टाच कशानं सोलली, हे ज्याला दोन ठोक्यांनी नाव मिळालंय त्याला सांगायला लागतं का? तो माणूस पडल्या पडल्या फळीवर टाच आपटत होता. तिला बोलावत होता. आणि ती कुठं होती, तर त्याच घरात, सुट्टीला आलेली, वर गच्चीत, खळ घातलेले साफे वाळत घालत. केशरी, मग रानी म्हणजे गडद गुलाबी, मग लाटालाटांचा लेहरिया, दोरीवर एकेक ओळ, वारा होता, कापडं गालाला लागत होती. गच्ची सिमेंटची, नवी, वेगळ्या भिंतीवर उभी, तिथं फळ्यांचं काही येत नाही. तिला आठवतं ती मजेत होती. खाली आली तेव्हा खोलीत माणसं होती आणि सगळ्यांची तोंडं एकाच वेळी हलत होती.

हे तिनं वर्षभर कुणाला म्हटलं नाही. आपण बहिऱ्या म्हणून तो गेला, हे वाक्य तिनं हिंदीत एकदा मोबाइलवर लिहिलं आणि पुसलं. मराठीत तर ते मनात येऊच दिलं नाही, कारण मराठीत आलं असतं तर आवाजात आलं असतं.

आणि त्या टाइल्सच्या दिवसानंतर आठवडाही गेला नसेल, अर्पितचा मेसेज आला. चार फोटो, चार टाइल्सचे नमुने. ताई, वरची लकडी निकालून राहिलो, सोमवारपासून मजूर येताहेत, स्लॅब टाकून टाइल्स, पसंत कर. शेवटी अंगठ्याचं चित्र. हिनं विचारलं का, तर दीमक, म्हणजे वाळवी. इतकंच. बकुळानं ते फोटो बोटांनी मोठे करकरून पाहिले, जणू टाइलच्या आत काही लिहिलंय. फळ्या गेल्या की त्या घरात कुणी टाच आपटली काय आणि नाही काय. आणि फळ्या गेल्या की ते ठोकेही गेले, ते शेवटचे, जे तिनं ऐकलेच नाहीत पण जे तिच्या हिशेबानं अजून त्या लाकडात कुठंतरी होते. रविवारी सकाळी ती पहिल्या बसनं निघाली.

देवास ते इंदूर, इंदूरला बस बदलून धार. बसमधला तिचा एक नियम आहे, सगळे उठले की उठायचं. बस बिघडते, पुढं चक्का जाम असतो, ड्रायव्हर काहीतरी ओरडतो, तिला कळतं ते एवढंच, की अचानक सगळी डोकी एका दिशेला वळली आणि मग सगळे उभे राहिले. का, ते खाली उतरल्यावर समजतं, किंवा नाहीच समजत. शाळेच्या कार्यक्रमात, लग्नात, बँकेत, सगळीकडं हेच, जगभर कुणीतरी न दिसणारा माणूस सगळ्यांना एकदम उठवतो आणि हिला उठवायचं विसरतो. घाटाबिल्लोदच्या पुढं बस थांबली, सगळे उतरले, ही उतरली, टायर. शेजारच्या बाईनं तिला काहीतरी लांबलचक सांगितलं, हिनं कानाकडं बोट दाखवलं, तर ती बाई अजून लांबलचक, अजून मोठ्यांदा. बकुळा रस्त्याकडेला उभी राहिली. बाजूला सोयाबीनची शेतं. ती डांबरावर चप्पल काढून उभी राहिली, ट्रक जायचे ते पोटरीपर्यंत यायचे. आणि मागून, अगदी मानेपाशी, ये गं इकडं. या वेळी ती वळली नाही. येतेच आहे, असं ती म्हणाली, मोठ्यानं म्हणाली बहुतेक, कारण ती बाई एकदम गप्प झाली आणि दोन पावलं सरकली.

घरी पोचली तर जेवणं चालली होती. काकींनी दिवा चालू-बंद केला, की ये, बैस. कढी, भात, भुट्ट्याचा कीस तिच्यासाठी. वरचं स्वयंपाकघर खाली काकींकडं हललं होतं, साफ्यांच्या पेट्याही खाली आणून ठेवल्या होत्या, एकावर एक. जेवताना नेहमीसारखं सुरू झालं. अर्पित मराठीत सुरू करतो आणि अर्ध्यात हिंदीत वळतो, आणि त्या वळणावर बकुळा त्याच्या ओठांवरून घसरते, नेहमीच, मग पुन्हा पकडेपर्यंत वाक्य संपून सगळे हसत असतात. काय झालं, तिनं विचारलं. घरात ती बोलते, बाहेर नाही बोलत. तिचा आवाज कसा आहे तिला माहीत नाही, पण घरचे त्या आवाजाला दचकत नाहीत. काय झालं, का हसलात? माईनं हात हलवला. काही नाही गं, नंतर सांगते. तुम्हाला सांगतो, तिच्या आयुष्यात माईच्या ओठांवर तिनं सगळ्यात जास्त वेळा वाचलेलं वाक्य हे. इतकं, की ते वाचावंसुद्धा लागत नाही, हनुवटीच्या हालचालीनंच कळतं. नंतर कधी येतच नाही ना. शेकडो नंतर साठलेत तिच्याकडं, सगळे कोरे.

जेवण झालं आणि ती वर गेली. अनवाणी. फळ्या तशाच होत्या, पायाखाली गार. तिनं कोपरे पाहिले, तुळईपाशी नख लावून पाहिलं, भुसा नाही, भोक नाही, दीमक कुठली आलीय? समोरच्या खोलीत माई खिडकीजवळ बसून शेवटचे काही साफे घडी करत होती, एकटीच, लांब कापड गुडघ्याखाली दाबून. पूर्वी एक टोक दादांकडं, एक बकुळाकडं, आणि मध्ये सगळी खोली ओलांडून तो रंग. बकुळानं दुसरं टोक उचललं. दोघी घडी करत एकमेकींकडं आल्या, हात हाताला लागला, आणि तिथंच ती म्हणाली, दादांची डावी टाच सोललेली होती. मी पाहिली होती.

माईचं तोंड उघडं राहिलं आणि मग तिनं ते फिरवलं. खिडकीकडं. घरातल्यांनी बकुळावर आयुष्यभर लावलेलं कुलूप ते हेच, तोंड फिरवायचं, बस, ती बाहेर. आणि माई खिडकीकडं बघून बोलत होती. बोलत होती हे बकुळाला पाठीवरून कळलं, खांदे, मान, केसांचा अंबाडा, सगळं हलत होतं. तिनं पुढं होऊन माईच्या पाठीवर तळहात ठेवला. लहानपणी दादांच्या पाठीवर ठेवायची तसा. हाताखाली बोलणं वाहत होतं, गरम, तुटक, मध्येच थांबून परत, खूप होतं, खूप दिवसांचं होतं, आणि त्यातला एक शब्द तिला कळत नव्हता. मग तिनं माईचे दोन्ही खांदे धरले आणि तिला वळवलं.

“आता इकडं बघून सांग.”

माईनं पदरानं तोंड पुसलं, आधी डोळे, मग ओठ. ओठ नीट पुसले, जणू ते स्वच्छ असले की हिला बरं वाचता येईल.

“मी स्वयंपाकघरात होते,” माई म्हणाली, सावकाश. “ठोके ऐकले मी. खाली काकींनी ऐकले, अर्पितनं ऐकले. सगळ्यांनी ऐकले बकुळा.”

“मग?”

“आम्हाला वाटलं, तुला हाक मारताहेत.”

बकुळा ओठांकडं बघत राहिली. ओठ अजून हलत होते.

“थांबेचनात. मी चिडले, की ही मुलगी जात का नाही. मी हातातलं काम सोडलं नाही. आणि मग ठोके थांबले.” माईनं एकदा श्वास घेतला. “मला वाटलं, तू गेलीस.”

आता बघा, कसं असतं माणसाचं. पहिल्यांदा बकुळाला हलकं वाटलं. वर्षभराचं ओझं कुणीतरी डोक्यावरून उचललं, की मी नव्हे, मी नव्हे, ऐकणाऱ्यांनी ऐकलं आणि कुणी उठलं नाही. इतकं हलकं, की तिला वाटलं आपण पडणार. आणि लगेच, त्याच्या पाठोपाठ, दुसरं आलं. सगळे ऐकत होते आणि कुणी उठलं नाही, कारण ते तिचं नाव होतं. दुसरा कुठलाही आवाज केला असता त्यांनी, तांब्या लवंडला असता, डबी फेकली असती, तर तिघं धावत आले असते. पण त्या माणसानं जे केलं ते तिचं नाव घेतलं, आणि तिच्या नावाला या घरात तिच्याशिवाय कुणी ओ देत नव्हतं. आणि डावी टाच! दादा उजव्यानं मारायचे, बसून, जड. ही डावी, पडलेल्या माणसाची, वजन नसलेली, घसटणारी. ती जर त्या फळीवर कुठंही असती, झोपलेली असती तरी, पहिल्याच ठोक्याला तिला कळलं असतं की ही हाक नाही. हे काहीतरी वेगळं आहे. कानवाल्यांना फक्त ठक ठक आलं. आणि हेही आता कधी कळणार नाही, की ते तिलाच बोलावत होते, का कुणालाही, का दुसरं काही उरलंच नव्हतं म्हणून ते एवढंच. कानातली शिट्टी उंच चढली. आवाज आला नाही. ती वाट बघत राहिली, की आता म्हणतील ये गं इकडं. नाही म्हणाले. पहिल्यांदाच तिथं काही नव्हतं.

माई सांगत होती, की त्या दिवसापासून कुणाची टाच उचलत नाही. एकदा काकींची चुकून पडली आणि त्या तिथंच बसल्या. ठरवलं कुणी नाही, आपोआपच. आणि मग हे लाकूड. मला इथं चालवत नाही गं, माई म्हणाली, पाऊल टाकलं की वाटतं तेच वाजतंय. तुला नाही सांगितलं, तुला आणखी कशाला. बकुळानं मान हलवली. माईनं तिच्या गालाला हात लावला, घडी केलेला साफा उचलला, आणि खाली गेली. जिन्याच्या पायऱ्या उतरताना तिचं एकेक पाऊल फळ्यांतून बकुळाकडं येत होतं, बिचकत, जणू फळीला लागेल.

बकुळा खोलीत एकटी राहिली. ऊन खिडकीतून येऊन मधल्या फळीवर पडलं होतं, तिथं गाठ आहे लाकडाला, डोळ्यासारखी, लहानपणी ती त्यावर पाय द्यायची नाही. दादा सापडले ते तिथंच. खाली चहा होत असेल, बशा निघत असतील, अर्पितचा फोन चालू असेल, सगळे बोलत असतील. उद्या ही फळी नसेल. ती त्या गाठीवर जाऊन उभी राहिली. आणि तिच्या मनात नक्की काय होतं हे मला विचारू नका, मी किती वेळा विचार केलाय, राग होता का, परीक्षा होती का, का नुसतं एवढंच की जे तिला आयुष्यभर दुसऱ्यांनी म्हटलं ते तिनं स्वतः कधी म्हटलंच नव्हतं. तिनं डावी टाच उचलली.

एक. आणि जागा सोडून, जरा हलका, दुसरा.

फळी पायाखाली थरथरली आणि शांत झाली. काही नाही. ती दाराकडं बघत उभी. मग आलं. आधी जिन्याच्या तळाशी एक धडपड, मग एकात एक अडकलेली पावलं, पायऱ्या चुकवणारी, भिंतीला हात मारत येणारी, त्यात एक जड, दुखऱ्या गुडघ्याचं, एका पायरीवर दोनदा टेकणारं, सगळं लाकूड भरून येत होतं तिच्या पायांत. दारात पहिला अर्पित, हातात फोन तसाच, स्क्रीन उजळलेली, कुणीतरी पलीकडं अजून बोलत असणार. त्याच्या मागं माई, हाताला चहापूड. आणि काकी, ज्या गुडघ्यांमुळं कित्येक महिने वर चढल्या नव्हत्या, चौकटीला धरून, तोंड उघडं, छाती खालीवर. तिघंही तिच्याकडं बघत होते. पांढरे पडलेले चेहरे, अगदी स्टुडिओत येणाऱ्या फोटोंसारखे, ज्यांच्या मागचं सगळं काढून टाकायचं असतं.

माईचे ओठ हलले. काय गं? काय झालं?

बकुळानं तिघांकडं आळीपाळीनं बघितलं. सांगण्यासारखं खरंच काही नव्हतं.

“काही नाही,” ती म्हणाली. “नंतर सांगते.”

पण कुणी गेलं नाही.